हिरवा तवंग उकळून जात नाही

प्रश्न : उन्हाळ्यात आमच्या पाझर तलावावर हिरवा तवंग येतो. पाणी उकळून प्यायलं तर चालेल? – एक वाचक, पाटण

उत्तर : नाही. काठीने तवंग उचलून पाहा. धाग्यांसारखा लोंबला तर बहुधा साधं शेवाळ; रंग सांडल्यासारखा पसरला तर नीलहरित शेवाळाची शंका घ्या. कोल्हापूरच्या रंकाळ्यात सांडपाण्यावर पोसलेलं मायक्रोसिस्टिस हे त्यातलंच. त्याचं यकृताला घातक विष उकळल्याने नष्ट होत नाही. उलट पेशी फुटून पाण्यात उतरतं. ब्राझीलमधल्या कारुआरूत १९९६ साली अशा पाण्यावर डायलिसिस झालेले पन्नासवर रुग्ण दगावले. ‘गुरं वर्षानुवर्षं पितात की!’ असं म्हणाल. प्रत्येक तवंग विषारी नसतो, हे खरं. पण कोणता विषारी, हे नुसत्या डोळ्यांना कळत नाही. तवंग हटेपर्यंत गुरांनाही विहिरीचंच पाणी पाजा.