पासपोर्टातील नाव व जन्मतारखेची दुरुस्ती

बिल्टीवर एक नाव आणि बिलावर दुसरे असेल तर ट्रान्सपोर्टवाला गाठ सोडत नाही, हे आपणा व्यापारी बंधूंना सांगायला नको. मग पासपोर्टावर एक नाव आणि पॅनकार्डावर दुसरे घेऊन आपण दुबईचा बाजार पाहायला कसे निघतो?

आपली नावे बहुधा तीन लिप्यांतून फिरून पासपोर्टावर येतात. शाळेत उर्दूत, नगरपालिकेच्या दप्तरात मराठीत आणि पासपोर्टावर इंग्रजीत. एकाच मोहम्मदचे स्पेलिंग चार कागदांवर चार तऱ्हेचे. 'शेख' कधी नावाआधी, कधी नावानंतर. बायकांच्या नावातले 'बी', 'बानो', 'खातून' एका कागदावर असते, दुसऱ्यावर गळते. जन्मतारखेचे तर विचारूच नका. आमच्या पासपोर्टावर १ जून होती. वर्गातल्या निम्म्या मुलांची तीच, कारण शाळा जूनमध्ये उघडत असे! हेडमास्तरांनी सोय पाहिली, चकरा आम्हाला पडल्या.

नोव्हेंबर २०२२ मध्ये संयुक्त अरब अमिरातीने कळवले की, पासपोर्टावर एकाच शब्दाचे नाव असल्यास व्हिजिट किंवा टूरिस्ट व्हिसावर प्रवेश नाही. पासपोर्टाच्या शेवटच्या पानावर वडिलांचे नाव असणाऱ्यांना पुढे सवलत मिळाली, पण आडनावाचा रकाना रिकामा सोडण्याची आपली जुनी सवय तेव्हा महागात पडली.

आमच्या दुरुस्तीच्या वेळी एका एजंटाने सल्ला दिला, "सेठ, जुना हरवला म्हणून लिहा, नवा काढून देतो." पासपोर्ट तर घरच्या कपाटात होता. आम्ही उठून आलो. खोटी साक्ष दीनमध्ये मोठ्या गुनाहांत मोजली आहे, आणि कायदाही सोडत नाही. १९६७ च्या पासपोर्ट कायद्याच्या कलम १२ प्रमाणे जाणूनबुजून खोटी माहिती देणे, महत्त्वाची माहिती दडवणे किंवा पासपोर्टावरील नोंदीत परस्पर फेरफार करणे यास दोन वर्षांपर्यंत कैद, पाच हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही शिक्षा आहेत. शिवाय कलम १० खाली पासपोर्ट रद्द होतो, तो वेगळाच.

सरळ रस्ता असा की, आधी मुळातला कागद दुरुस्त करावा. जन्मनोंदीत चूक असेल तर जन्म-मृत्यू नोंदणी कायदा १९६९ च्या कलम १५ खाली निबंधक ती दुरुस्त करू शकतो. मूळ नोंद खोडली जात नाही, समासात दुरुस्ती लिहितात. जन्माची नोंदच नसेल आणि वर्ष उलटले असेल, तर ऑक्टोबर २०२३ पासून जिल्हाधिकारी, प्रांत किंवा त्यांनी नेमलेल्या कार्यकारी दंडाधिकाऱ्याचा हुकूम लागतो. नाव पुरते बदलायचे असेल तर प्रतिज्ञापत्र, वर्तमानपत्रातील जाहिरात, राजपत्रातील प्रसिद्धी यांचा प्रश्न येतो. यांतले नेमके काय लागेल, ते पासपोर्ट सेवा संकेतस्थळावर आपले कारण निवडल्यावर यादीत दिसते. तीच यादी प्रमाण मानावी, चहाच्या टपरीवरची नव्हे.

मग त्याच संकेतस्थळावर 'री-इश्यू'चा अर्ज करून वैयक्तिक तपशिलात बदल हे कारण द्यावे. जुन्या पुस्तिकेवर खाडाखोड होत नाही, नव्या नंबरची नवी पुस्तिका मिळते. जुना पासपोर्ट आणि अस्सल कागद घेऊन नेमल्या दिवशी जावे. तफावतीचा खुलासा मागितल्यास जे घडले ते लिहून द्यावे. आम्ही हेडमास्तरांची १ जून जशीच्या तशी लिहिली, सोबत नगरपालिकेचा दाखला जोडला. वेळ लागला, काम झाले. अर्ज नाकारला तर लेखी कारणे मागावीत. तशी तरतूद कलम ५ मध्ये आहे, आणि अपिलाची कलम ११ मध्ये.

एक गोष्ट घाईत राहून जाते. जुन्या पासपोर्टावर चालू व्हिसा असेल तर अर्ज करण्यापूर्वीच त्या देशाच्या वकिलातीत विचारावे. विमानाचे तिकीट आणि हजचा फॉर्म नवी पुस्तिका हातात पडल्यावरच, तिच्यातले स्पेलिंग अक्षर न् अक्षर पाहून भरावा.