पर्याय कोठे द्यावा, शब्द कोठे राखावा

गीतेचा अर्थ घरातील मुलामाणसांना सोप्या मराठीत सांगणे हे स्वाध्यायाचे उत्तम अंग होय. असे करताना मूळ शब्दाच्या जागी समानार्थी शब्द योजावा लागतो. परंतु प्रत्येक शब्दाला पर्याय चालतो, ही समजूत बरोबर नव्हे. काही शब्द बदललेच पाहिजेत आणि काही जसेच्या तसे राखलेच पाहिजेत. हा विवेक सुटला तर केवळ भाषा बिघडत नाही, आचरणही बिघडते.

प्रथम बदलावयाचे शब्द पाहू. रूप एक, पण संस्कृतात अर्थ एक आणि मराठीत दुसरा, असे शब्द पुष्कळ आहेत. मराठीत ‘राग’ म्हणजे क्रोध. गीतेत ‘राग’ म्हणजे आसक्ती. स्थितप्रज्ञाच्या लक्षणांत (२.५६) राग, भय आणि क्रोध ही तीन निरनिराळी सांगितली आहेत. तेथे ‘राग’ तसाच ठेवला, तर क्रोध दोनदा आल्यासारखे वाटते आणि आसक्ती निसटून जाते. त्याच अध्यायातील ‘प्रसाद’ म्हणजे नैवेद्याचा प्रसाद नव्हे, तर अंतःकरणाची प्रसन्नता. ‘काम’ म्हणजे उद्योग नव्हे, तर वासना. बाराव्या अध्यायात भगवंत भक्ताला ज्यातून तारतात तो ‘संसार’ म्हणजे घरप्रपंच नव्हे, तर जन्ममरणाचा फेरा. अशा ठिकाणी पर्याय दिलाच पाहिजे.

आता राखावयाचे शब्द. त्यांत पहिली विशेषनामे. पहिल्या अध्यायाच्या चोविसाव्या श्लोकात श्रीकृष्णाला ‘हृषीकेश’ आणि अर्जुनाला ‘गुडाकेश’ म्हटले आहे. हृषीकेश म्हणजे इंद्रियांचा स्वामी; गुडाकेश म्हणजे निद्रा जिंकणारा. नाम गाळून केवळ ‘निद्रा जिंकणारा’ एवढेच म्हटले, तर तो कोण हे ऐकणाऱ्याला कळत नाही. म्हणून नाम राखावे व त्याचा अर्थ एकदा सांगावा. दहाव्या अध्यायात सर्पांमध्ये वासुकी आणि नागांमध्ये अनंत अशा दोन विभूती आहेत. येथे ‘अनंत’ हे शेषाचे नाव आहे. त्याचे ‘अंत नसलेला’ असे रूपांतर केले की विभूतीच नाहीशी होते.

दुसरे, शास्त्राचे पारिभाषिक शब्द. ‘गुण’ या शब्दाला कोणी ‘सद्गुण’ असा पर्याय दिला, तर चौदाव्या अध्यायाचा अर्थ ‘सद्गुण जीवाला बांधतात’ असा विपरीत होईल. सत्त्व, रज आणि तम हे तीन गुण प्रकृतीपासून उत्पन्न होतात. तेथे ‘गुण’ हाच शब्द ठेवून त्याचे स्पष्टीकरण करावे.

याहून महत्त्वाचे उदाहरण अठराव्या अध्यायाच्या आरंभी आहे. अर्जुन संन्यास आणि त्याग यांचे तत्त्व निरनिराळे जाणू इच्छितो. व्यवहारात हे दोन शब्द एकाच अर्थाने वापरले जातात. दोहोंसाठी ‘सोडून देणे’ असे म्हटले, तर अर्जुनाचा प्रश्नच निरर्थक ठरतो. उत्तरात मात्र भेद स्पष्ट आहे: काम्य कर्मे टाकणे हा संन्यास, आणि सर्व कर्मांचे फळ सोडणे हा त्याग. पुढे असेही सांगितले आहे की मोहाने नियत कर्म सोडणे हा तामस त्याग, आणि देहाच्या क्लेशाच्या भयाने सोडणे हा राजस त्याग होय. आसक्ती व फळ सोडून कर्तव्य करीत राहणे हाच सात्त्विक त्याग. गृहस्थाच्या दृष्टीने केवढा हा फरक! वृद्ध मातापित्यांची सेवा, मुलांचे पालन यांना कंटाळलेला मनुष्य ‘त्याग म्हणजे सोडून देणे’ एवढेच ऐकून उठला, तर गीता ज्याला तामस म्हणते त्यालाच तो धर्म समजेल.

म्हणून अर्थ सांगण्यापूर्वी प्रत्येक शब्दाविषयी तीन प्रश्न विचारावेत. हे कोणाचे नाव आहे काय? गीतेने स्वतः याची व्याख्या केली आहे, अथवा जवळच्या शब्दाहून हा वेगळा काढला आहे काय? असे असेल तर शब्द राखावा. नसेल तर तिसरा प्रश्न: मराठीत याचा अर्थ तोच राहिला आहे काय? राहिला नसेल तर निःशंकपणे पर्याय द्यावा.

साधकांनी या आठवड्यात अठराव्या अध्यायाचे पहिले नऊ श्लोक घेऊन हा अभ्यास करावा. प्रथम राखावयाच्या शब्दांखाली रेघ ओढावी, मग उरलेले आपल्या घरच्या मराठीत सांगावे. ऐकणाऱ्याला संन्यास आणि त्याग यांतील भेद आपल्या शब्दांत सांगता आला, म्हणजे अभ्यास सफल झाला असे समजावे.