दुवा कोण उघडतो?



आई मुलास "बाजारातून गूळ आण" एवढेच सांगते. कोणत्या दुकानातून आणावा, हे सांगत नाही. तरी मूल मानपुरच्या बाजारात शिरते आणि नेमके घरच्या नेहमीच्या वाण्यापाशी जाऊन उभे राहते. दुकानाची निवड पूर्वीच केव्हातरी झालेली असते आणि ती बदला असे कोणी म्हणेपर्यंत चालू राहते. संगणकावर परीक्षेच्या निकालाच्या दुव्यावर आपण टिचकी मारतो, तेव्हा असेच घडते. दुव्यात पानाचा पत्ता असतो. ते पान कोणत्या ब्राउझरने उघडावे, याविषयी त्यात एक अक्षरही नसते. (ब्राउझरास काही मंडळी 'न्याहाळक' म्हणतात. शब्द गोड आहे, परंतु अद्याप बोलण्यात रुळलेला नाही.) मग फायरफॉक्स, क्रोम की एज, हे ठरविते कोण?

ते ठरविते एक नोंद. विंडोज प्रणालीत ही नोंद 'रजिस्ट्री' नावाच्या मोठ्या दप्तरात असते. लिनक्सच्या अनेक प्रकारांत 'माइमॲप्स डॉट लिस्ट' नावाच्या लहानशा फाइलीत असते. पत्त्याचा आरंभ 'एचटीटीपीएस' या अक्षरांनी झाला, तर अमुक ब्राउझरास बोलवावे, एवढाच तिचा आशय. या ठरलेल्या निवडीस 'डीफॉल्ट' म्हणतात.

परंतु नोंद असून भागत नाही, ती वाचणारा हवा. प्रत्येक आज्ञावलीने हे काम स्वतःच करावयाचे म्हटले, तर तीच विद्या शेकडो ठिकाणी पुन्हापुन्हा लिहावी लागेल. म्हणून अशी सामाईक कामे 'लायब्ररी' नावाच्या फाइलींत एकदाच लिहून ठेवितात. हे ग्रंथालय पुस्तकांचे नव्हे, तयार कृतींचे आहे. पत्रव्यवहाराची आज्ञावली असो वा चित्रे दाखविणारी, दुवा उघडण्याची वेळ आली की ती लायब्ररीकडे पत्ता सोपविते. लायब्ररी नोंद पाहते आणि योग्य ब्राउझरास जागे करते. विंडोजमध्ये 'शेल ३२ डॉट डीएलएल' ही फाइल या कामी येते. डीएलएल या अक्षरांचा अर्थ, गरजेच्या क्षणी जोडली जाणारी लायब्ररी.

आता या क्षुल्लक वाटणाऱ्या फाइलींसाठी राष्ट्रांची न्यायालये का बसली, ते पाहू. १९९८ साली अमेरिकेच्या शासनाने आणि अनेक राज्यांनी मायक्रोसॉफ्ट कंपनीवर मक्तेदारीचा खटला भरला. नेटस्केप हा त्या काळचा नामांकित ब्राउझर. मायक्रोसॉफ्टचा इंटरनेट एक्स्प्लोरर त्याचा प्रतिस्पर्धी. वादातील एक मुद्दा थेट लायब्ररी फाइलींचा होता. ब्राउझरची आज्ञा आणि प्रणालीची आज्ञा कंपनीने एकाच फाइलीत मिसळून ठेविली होती. ती फाइल काढावी तर सारी प्रणालीच कोलमडणार. मग ब्राउझर काढणार कोण? दूध आणि पाणी एकदा मिसळल्यावर पाणी तेवढे काढून द्या, असे म्हणता येत नाही! २००१ च्या जून महिन्यात अपील न्यायालयाने ही मिसळ स्पर्धेस घातक व बेकायदा ठरविली. ग्राहकाने निवडलेला ब्राउझर डावलून काही प्रसंगी आपलाच उघडणे, हाही एक आरोप होता. तो मात्र त्या न्यायालयात टिकला नाही, कारण त्यामागे कंपनीने दिलेली तांत्रिक कारणे सरकार पक्षास खोडता आली नाहीत.

युरोपात गोष्ट याहून मौजेची घडली. तेथे २०१० पासून विंडोज वापरणाऱ्यांस अनेक ब्राउझरांतून एक निवडण्याचा पडदा दाखविण्याचे मायक्रोसॉफ्टने मान्य केले होते. पुढे प्रणालीची सुधारित आवृत्ती आली आणि मे २०११ ते जुलै २०१२ या अवधीत तो पडदा सुमारे दीड कोटी लोकांना दिसलाच नाही. कंपनीने तांत्रिक चूक झाल्याचे सांगितले. युरोपीय आयोगाने मार्च २०१३ मध्ये ५६ कोटी १० लाख युरोंचा दंड केला. निवड नाकारली गेली आणि ते कोणास कळलेही नाही, हे मला दंडाच्या आकड्याहून अधिक विचार करण्याजोगे वाटते.

आपल्या देशातही हा प्रश्न आला, तो मोबाइलच्या रूपाने. २० ऑक्टोबर २०२२ रोजी भारतीय स्पर्धा आयोगाने गूगल कंपनीस १३३७ कोटी ७६ लाख रुपयांचा दंड केला. अँड्रॉइड फोनवर क्रोम ब्राउझरासह गूगलच्या आज्ञावलींचा संच निर्मात्यांच्या गळ्यात बांधला जातो, हे आयोगास अमान्य झाले. मार्च २०२३ मध्ये अपील न्यायाधिकरणाने तो दंड कायम केला. पूर्वीच बसविलेली वस्तू बहुतेक माणसे बदलीत नाहीत, हे व्यापारी चांगले ओळखून असतात.

नोंदीवर बाहेरूनही हल्ला होतो. एखादी फुकट आज्ञावली बसवावी आणि दुसऱ्या दिवशी भलताच ब्राउझर उघडू लागावा, हा अनुभव अनेकांस आला. यासाठी विंडोज ८ पासून, म्हणजे २०१२ पासून, नोंदीशेजारी गणिताने काढलेली एक मोहोर असते. वापरणारा कोण, त्याने काय निवडले व केव्हा, यांवरून ती सिद्ध होते. मोहोर जुळली नाही, तर प्रणाली ती नोंद मानीत नाही.

कधी 'अमुक डीएलएल सापडत नाही' अशी सूचना पडद्यावर येते आणि मुले ती एकटी फाइल अनोळखी ठिकाणाहून उतरवून घेतात. हे धोक्याचे आहे. लायब्ररीतील कृती बोलावणाऱ्या आज्ञावलीच्या अधिकाराने चालतात. घरच्या माणसासोबत आलेल्या पाहुण्यास दारात कोणी अडवीत नाही, तसेच ते असते. ती आज्ञावलीच मूळ निर्मात्याकडून पुन्हा बसवावी.

आपली नोंद पाहणे अवघड नाही. विंडोज १० वा ११ असलेल्या संगणकावर 'सेटिंग्ज'मध्ये 'ॲप्स' आणि त्यात 'डीफॉल्ट ॲप्स' उघडावे. अँड्रॉइड फोनवरही बहुधा याच नावाखाली 'ब्राउझर ॲप' सापडते. तेथे जे नाव दिसेल, ते आपण निवडले होते की आधीच कोणी लिहून ठेविले होते, हे घरातील वडील मंडळींस विचारून पाहावे.