वठलेल्या फांदीवरील दाताळे

अहिल्यानगर जिल्हा म्हटला, की कमी पावसाचा, ज्वारी-बाजरीचा मुलूख डोळ्यांपुढे उभा राहतो. परंतु याच जिल्ह्याच्या पश्चिम टोकास, अकोले तालुक्यात, सह्याद्रीचे उंच डोंगर आहेत. १,६४६ मीटर उंचीचे कळसूबाईचे शिखर, रतनगड व हरिश्चंद्रगड हे याच भागातले. येथे पावसाळ्यात मुसळधार पाऊस कोसळतो व रानातील जमीन महिनोन् महिने ओली राहते.

सह्याद्रीतील अशा ओल्या रानात गळून पडलेली एखादी फांदी उलटून पाहावी. कधी कधी तिच्या खालच्या अंगास दुधाळ रंगाची खपली धरलेली दिसते. त्या खपलीवर बारीक बारीक दात असतात. ही एक बुरशी होय. तिच्यासारखीच, भारतातही आढळणारी एक जात आहे. स्वीडनमधील शास्त्रज्ञ एलियास फ्रीस याने १८२८ साली तिला ‘इर्पेक्स लॅक्टिअस’ हे नाव दिले. लॅटिन भाषेत ‘इर्पेक्स’ म्हणजे लोखंडी दातांचे दाताळे, आणि ‘लॅक्टिअस’ म्हणजे दुधासारखे.

हे दात चावण्यासाठी नसतात. दातांमुळे थोड्या जागेत पुष्कळ पृष्ठभाग मिळतो. त्यावर असंख्य सूक्ष्म बीजाणू तयार होतात. ते खाली गळतात आणि वाऱ्याबरोबर दूर जातात.

बुरशीचे खरे काम मात्र डोळ्यांआड चालते. ती वनस्पती नव्हे. तिच्यात हरितद्रव्य नसल्यामुळे तिला स्वतःचे अन्न तयार करता येत नाही. तिचे धाग्यांसारखे तंतू मेलेल्या लाकडात खोल शिरतात. दगडी भिंतीत दगड चुन्याने सांधलेले असतात. तसेच लाकडातील सेल्युलोजचे तंतू लिग्निन नावाच्या चिवट द्रव्याने सांधलेले असतात. हे लिग्निन फोडणे फार थोड्या सजीवांना साधते. ही बुरशी आपल्या पाचक रसांनी ते फोडते. मग लाकूड पांढरट, मऊ व हलके होते. या रसांनी कापडाच्या रंगांचाही रंग उडतो, असे शास्त्रज्ञांना प्रयोगांत दिसून आले आहे.

मोळी बांधणारा मनुष्य असे लाकूड हाती येताच बाजूस टाकतो; कारण ते चुलीत नीट जळत नाही. चुलीला जे निरुपयोगी, ते रानाला मात्र मोलाचे असते. झाडाने अनेक वर्षे मातीतून जे घेतले, ते कुजलेल्या लाकडावाटे मातीस परत मिळते. त्याच मातीत पुढे हिरड्याचे किंवा जांभळाचे रोप मूळ धरते. रानातील सारेच पडलेले लाकूड उचलून नेले, तर ही परतफेड थांबते व माती हळूहळू निःसत्त्व होते.

शेतकरी दाताळ्याने शेतातील काडीकचरा गोळा करतो. रानातले हे इवलेसे दाताळे कचरा गोळा करीत नाही. त्याची माती करते. म्हणूनच मेलेल्या फांदीवरही रान जगते.