कोण बोलतंय? : रेडिओचा निवेदक आणि 'पुन्हा प्रपंच'

लेखाची सुरुवात एका फजितीने करतो. मागच्या गॅदरिंगसाठी आम्ही पाच जणांनी मोबाईलवर एक विनोदी श्रुतिका रेकॉर्ड केली. होस्टेल, मेस, व्हायवा... मसाला भरपूर! रूमवर सगळे पोट धरून हसले. सुट्टीत गावी जऊळक्याला गेलो तेव्हा मोठ्या हौसेने आबांना ऐकवली. आबांना मोतीबिंदूमुळे फारसं दिसत नाही, पण कान अजून शाबूत. नऊ मिनिटं शांतपणे ऐकलं आणि म्हणाले, "बाबू, कोन कोनाशी बोलून राह्यलं, काईच समजत नाई."

मला राग आला. पण नंतर पुन्हा ऐकलं तर त्यांचंच खरं होतं. आम्ही हसलो कारण आम्ही एकमेकांना ओळखत होतो. मग आबा सांगायला लागले, 'पुन्हा प्रपंच'बद्दल. जऊळका म्हणजे अकोला-पूर्णा लाइनवरचं स्टेशन. नागपूर केंद्र १६ जुलै १९४८ ला सुरू झालं, ते आपल्या भागातलं. मुंबई मात्र सरळ रेषेत साडेचारशे किलोमीटरच्या आसपास. "अंधार पडल्याबिगर मुंबई लागेच ना," आबा म्हणाले. ज्यांनी कम्युनिकेशनचा पेपर दिलाय त्यांना कारण आठवेल. मध्यलहरी दिवसा आयनोस्फिअरच्या डी थरात शोषल्या जातात. सूर्य मावळला की तो थर विरतो आणि लहरी वरच्या थरांवरून वळून लांब उतरतात. म्हणजे मुंबईचा विनोद आबांपर्यंत आकाशातून यायचा, तोही खरखर, शिट्ट्या आणि मधेच बुडणारा आवाज यांच्यासकट.

आता मुद्द्यावर येतो. 'पुन्हा प्रपंच' ही आकाशवाणी मुंबईची घरगुती गप्पांची मालिका. पात्रं तीन. प्रभाकरपंत म्हणजे बाळ कुडतरकर, मीनावहिनी म्हणजे नीलम प्रभू आणि टेकाडे भावजी म्हणजे प्रभाकर जोशी. रोजच्या अडचणी, महागाई, सरकारी कारभार, सगळं या तिघांच्या खुसखुशीत बोलण्यातून यायचं.

यातले बाळ कुडतरकर मुळात निवेदक! जन्म १९२१ चा. १९३९ साली ते रेडिओत आले तेव्हा वय जेमतेम १८, म्हणजे आपल्या फर्स्ट इयरचं. 'ऑल इंडिया रेडिओ' हे नाव पडून तेव्हा तीनच वर्षं झाली होती (८ जून १९३६). पुढे त्यांनी कामगारांसाठी, मुलांसाठी, महिलांसाठीचे कार्यक्रम केले, अनेक माहितीपटांना आवाज दिला. ६ जुलै २०२० रोजी वयाच्या ९८ व्या वर्षी ते गेले.

मला प्रश्न पडला की निवेदकाने विनोदी पात्र व्हायचं म्हणजे धंदा बदलण्यासारखं नाही का? निवेदक गंभीर, पात्र गमतीचं. पण आबांच्या त्या एका वाक्यानंतर विचार केला तेव्हा वाटलं, धंदा तोच आहे. निवेदक काय करतो? कोण बोलणार, कुठून, केव्हा, हे ऐकणाऱ्याला सांगतो. नाटकात हे काम पडदा, कपडे आणि प्रकाश करतात. रेडिओत ते कुणीतरी तोंडानेच करावं लागतं. आणि विनोद चालू असताना मधे थांबून "आता टेकाडे भावजी आत येत आहेत" असं सांगितलं तर विनोद मेलाच! म्हणून निवेदन संवादातच लपवावं लागतं.

एक उदाहरण मीच बनवतो. समजा पहिलं वाक्य असं आहे : "या भावजी, पण चपला बाहेर हं, आत्ताच फरशी पुसलीय." नऊ-दहा शब्द. पण बोलणारी वहिनी, ऐकणारा दीर, तो दारात उभा, घर मध्यमवर्गीय आणि वहिनींचा मूड कसा, सगळं कळलं. नेटवर्किंगवाल्यांनी लक्षात घ्या, 'भावजी', 'वहिनी', 'पंत' ही हाक म्हणजे पॅकेटचा हेडरच आहे. कुणाकडून कुणाकडे, त्यातच लिहिलेलं. आपल्या भाषेत नात्याची संबोधनं इतकी भरपूर आहेत की हा हेडर फुकटात मिळतो. आमच्या श्रुतिकेत पाचही जण एकमेकांना 'अबे' म्हणत होते!

पात्रं तीनच असण्यातही शहाणपण आहे. दोन पुरुष आणि एक बाई, आणि त्यातला एक बाहेरून येणारा. त्या काळच्या सेटवर पाच सारख्या वयाचे पुरुषी आवाज वेगळे ओळखणं अवघडच गेलं असतं. गणित बघा. मध्यलहरीवर एका केंद्राच्या वाट्याला ९-१० किलोहर्ट्झ जागा. दोन साइडबँड असल्यामुळे आवाजाला निम्मी, म्हणजे ४.५ ते ५ किलोहर्ट्झ. 'स'चा बराचसा जोर याच्या वर असतो, तो कापला जातो. वरून खरखर. म्हणून जुने निवेदक व्यंजन इतकं स्वच्छ उच्चारायचे. आपण त्यांची नक्कल करून हसतो, पण ती त्या चॅनलची गरज होती.

माइकचंही तंत्र होतं. जगभरच्या स्टुडिओंत तेव्हा रिबन माइक वापरात होता. तो पुढून आणि मागून सारखं ऐकतो, बाजूने जवळजवळ बहिरा. म्हणजे दोन नट समोरासमोर उभे राहू शकतात. कुणी 'लांबून' बोलायचं असेल तर बाजूला सरकायचं. मात्र ख, फ, भ, ठ यांचा फुंकर जोरात बसला की रिबन थडथडते, म्हणून महाप्राण जपून. आणि काचेपलीकडे फेडरवर हात ठेवून आपलाच एक इंजिनिअर बंधू बसलेला! त्याचं नाव कुणी घेत नाही, हे जाता जाता.

अमेरिकेतही असंच काही झालं, पण वेगळ्या वाटेने. जॅक बेनीच्या विनोदी कार्यक्रमात १९३४ पासून डॉन विल्सन हा निवेदक होता. काम प्रायोजकाची जेली विकायचं. हळूहळू त्याच्या लठ्ठपणावर विनोद होऊ लागले आणि तो स्वतःच पात्र बनला. तिथे स्टुडिओत प्रेक्षक बसलेले, हशा लगेच ऐकू यायचा. आपल्याकडे विविध भारतीवर जाहिराती आल्या त्याच १९६७ मध्ये. श्रुतिकेतल्या कलाकारासमोर फक्त माइक. हशासाठी किती थांबायचं? जऊळक्यातला हशा मुंबईला ऐकू येत नाही! जास्त थांबलं तर ऐकणाऱ्याला वाटतं स्टेशन गेलं, कमी थांबलं तर पुढचं वाक्य हशात बुडतं. हा अंदाज रोज वेळ सांगून, घड्याळाकडे बघत निवेदन केलेल्या माणसाला जास्त चांगला येत असणार, असं माझं मत आहे.

दिवाळीत आम्ही श्रुतिका पुन्हा केली. पात्रं पाचाची तीन, सहा मिनिटं, 'अबे' बंद. कुडतरकरांची सर येणं शक्यच नाही, पण आबांना पुन्हा ऐकवली. या वेळी मधे दोनदा हसले. संपल्यावर म्हणाले, "थो मेसवाला आला तवा दाराचा आवाज आधी पायजे होता. मी त्याले घरातलाच समजलो."