फुकटचे गाणे आणि साधे गणित

‘सैराट’ची (२०१६) गाणी न ऐकलेला मुलगा आपल्या यवतमाळ जिल्ह्यात सापडणे कठीण. आमच्या एका विद्यार्थ्याला ती वडिलांच्या मोबाइलवर हवी होती. कुणीतरी पाठवलेल्या दुव्यावरून त्याने ‘चारही गाणी’ उतरवून घेतली. फाइलच्या नावात ‘एमपी३’ होते, पण अगदी शेवटी, बिंदूनंतर, ‘एपीके’ अशी अक्षरे होती. फोनने ‘इन्स्टॉल करू का?’ असे विचारले. त्याने होकार दिला. गाणे काही वाजले नाही. बियाण्यासाठी ठेवलेले पैसे मात्र खात्यातून गेले.

चूक कोठे झाली? गाण्याची फाइल म्हणजे केवळ आकड्यांची यादी. सीडीवर ध्वनिलहरीची उंची सेकंदाला ४४,१०० वेळा मोजतात. प्रत्येक माप १६ बिटांचे, आणि डावा-उजवा असे दोन मार्ग. गुणाकार करा: सेकंदाला १४,११,२०० बिट. आठ बिटांचा एक बाइट. म्हणजे चार मिनिटांच्या गाण्याला सुमारे ४२ मेगाबाइट लागतात. एमपी३ पद्धतीत कानाला सहसा न जाणवणारा भाग गाळतात. सेकंदाला १,२८,००० बिट धरले, तर तेच गाणे ३.८४ मेगाबाइटमध्ये मावते.

ही यादी वाचायला फोनमधला वादक-प्रोग्राम पुरतो. ‘इन्स्टॉल’ची गरजच नसते. एपीके हा मात्र स्वतःच एक प्रोग्राम. तो आज्ञा देतो, संदेश वाचू शकतो. म्हणून नावाचे शेवटचे अक्षर पाहा, आकारमान पडताळा. परवानगी मागणारे ‘गाणे’ ताबडतोब पुसून टाका.

आता दुसरी बाजू. ‘सैराट’च्या संगीतासाठी अजय-अतुल यांनी हॉलिवूडमधील ध्वनिमुद्रणगृहात मोठा वाद्यवृंद वाजवून घेतला. त्या श्रमांचे मोल कोणी द्यायचे? १९५७ च्या प्रताधिकार कायद्याने ध्वनिमुद्रणाला प्रकाशनानंतरच्या वर्षापासून ६० वर्षे संरक्षण आहे. म्हणजे हा हक्क २०७६ अखेरपर्यंत चालेल. २०१२ च्या दुरुस्तीने गीतकार-संगीतकारांचा स्वामित्वधनातील वाटाही राखला आहे.

मग सरळ मार्ग कोणते? अधिकृत विक्रेत्याकडून सीडी किंवा फाइल विकत घ्या, अथवा वर्गणीचे अधिकृत ॲप वापरा. फरक ध्यानात ठेवा : विकत घेतलेली फाइल आपल्याजवळ राहते, वर्गणीच्या ॲपमध्ये साठवलेले गाणे कुलूपबंद असते व वर्गणी संपली की तेथे वाजत नाही.

करून पाहा : घरच्या एखाद्या एमपी३ गाण्याचे सेकंद मोजा. आकारमानाला ८ ने गुणून सेकंदांनी भागा. उत्तर १,२८,००० ते ३,२०,००० च्या आसपास येते का?