अरिकामेडूची खापरे आणि आपण

चेन्नईच्या दक्षिणेस सुमारे १५० किलोमीटरवर, पुदुच्चेरीजवळ अरिकामेडू हे प्राचीन बंदर आहे. १९४५ साली मॉर्टिमर व्हीलर यांनी तेथे उत्खनन केले. इटलीतील तांबड्या झिलईची खापरे आणि मद्यकुंभांचे तुकडे पाहून त्यांनी त्या स्थळास रोमन व्यापाराचे ठाणे मानले. पुढे १९८९ ते १९९२ या काळात विमला बेगले यांनी मद्रास विद्यापीठासह तेथे पुन्हा उत्खनन केले. रोमन माल येण्यापूर्वीच तेथे स्थानिकांची वस्ती होती, असे आढळले. व्हीलरांनी भूमध्य प्रदेशातली ठरविलेली काही नक्षीदार भांडीही भारतीयच, असे अभ्यासकांनी पुढे दाखविले. खापरे तीच, वाचन बदलले.

मैलापूर येथे प्रेषित थोमाचे स्मरण करणाऱ्यांनी यातून काय घ्यावे? पहिल्या शतकात रोमन जगाचा माल या किनाऱ्यावर पोहोचत होता, याची साक्ष ही खापरे देतात. थोमाच्या आगमनाची नव्हे. असा प्रवास शक्य होता, एवढेच त्यांवरून म्हणता येते. परंपरा आदराने जपावी; परंतु पुरावा जे सांगत नाही, ते त्याच्या तोंडी घालू नये. शास्त्रवचनाचा अर्थ लावतानाही हाच विवेक बाळगावा.